सेविकेची पात्रता

राज्यकारभारातील न्यायान्यायाचा विचार करू लागले म्हणजे आपले लक्ष सहजच मोठ्या अधिकारपदांकडे जाते. न्यायाधीश कोणी व्हावे, जिल्ह्याचा अधिकारी कोणत्या परीक्षेने निवडावा, महाविद्यालयातील अध्यापकाची जागा कोणत्या कसोटीवर भरावी, यांविषयी वर्तमानपत्रांतून रकानेच्या रकाने भरून येतात. परंतु जिचे मानधन थोडे, जिचा अधिकार एका खोलीपुरता आणि जिच्या कर्तबगारीची वार्ता गावाच्या शिवेबाहेर सहसा जात नाही, अशा जागेवरील नेमणुकीत न्याय कशास म्हणावे, हा प्रश्न आम्हांस त्या मोठ्या प्रश्नांहून अधिक बिकट वाटतो. मोठ्या जागेच्या बाबतीत चूक झाली तर दाद मागणारे पुष्कळ निघतात. लहान जागेच्या बाबतीत चुकीचा भार ज्यांच्यावर पडतो ती माणसे बहुधा मुकी असतात. अंगणवाडी सेविकेची जागा ही अशांपैकीच एक होय. आणि येथील मुकी माणसे तर सहा वर्षांच्या आतली आहेत.

विचार अधांतरी राहू नये म्हणून एक गाव डोळ्यांपुढे ठेवू. अहिल्यानगरहून छत्रपती संभाजीनगराकडे जाणाऱ्या हमरस्त्यावर, नेवासे तालुक्यात, घोडेगाव म्हणून बाजाराचे गाव आहे. कांद्याचे लिलाव आणि जनावरांचा बाजार यांसाठी ते पंचक्रोशीत ओळखले जाते. तेथील एका अंगणवाडीत सेविकेची जागा रिकामी झाली आणि तिच्यासाठी तिघीजणी पुढे आल्या, असे समजू. उदाहरण कल्पित आहे. परंतु असे अर्ज महाराष्ट्रातील कोणत्याही तालुक्यात येतात, हे वाचकांस सांगावयास नको. पहिली गावची नवी सून. बारावीस उत्तम गुण, वर पदवी, आणि दुसऱ्या चांगल्या नोकरीसाठी अभ्यासही चाललेला. दुसरी विधवा, बारावी जेमतेम उत्तीर्ण, पदरी दोन मुले, रोजंदारीवर कांदा निवडून दिवस काढणारी. तिसरी त्याच अंगणवाडीतील मदतनीस. शिक्षण सातवीपर्यंत, परंतु बारा वर्षे त्याच उंबरठ्यावर मुलांची नाके पुसणारी, कोणते मूल कशाने रडते हे ठाऊक असणारी. या तिघींत पात्र कोण?

उत्तर देण्यापूर्वी ही जागा कशाकरिता निर्माण झाली हे पाहिले पाहिजे. एकात्मिक बालविकास सेवा योजना २ ऑक्टोबर १९७५ रोजी देशातील ३३ प्रकल्पांत सुरू झाली. आपल्याकडे मुंबईतील धारावी आणि मेळघाटातील धारणी यांपासून तिचा आरंभ झाला. पूरक आहार, लसीकरण, आरोग्यतपासणी, आजारी बालकास योग्य ठिकाणी पोहोचविणे, मातांना आहार व आरोग्य यांचे शिक्षण आणि मुलांचे शाळापूर्व शिक्षण अशा सहा सेवा तिने एका छपराखाली आणल्या. परंतु अंगणवाडी ही कल्पना सरकारी कचेरीत जन्मलेली नाही. ताराबाई मोडक यांनी गिजुभाई बधेका यांच्या सहकार्याने १९२६ साली नूतन बालशिक्षण संघ स्थापिला, आणि १९४५ साली बोर्डी येथे ग्रामीण बालशिक्षणाचे काम आरंभिले. वाडीवरची मुले शाळेत येत नाहीत, तर शाळेने त्यांच्या अंगणात जावे, हा साधा विचार त्यांनी अंमलात आणून दाखविला. पुढे कोसबाडच्या टेकडीवर अनुताई वाघ यांनी ते काम उभे आयुष्य वाहिले. तेव्हा अंगणवाडीच्या नावातच तिचे ध्येय आहे: मुलाने संस्थेकडे यावयाचे नसून संस्थेने मुलाकडे जावयाचे. सेविकेची पात्रता ठरविताना हे नाव विसरता कामा नये.

आता प्रचलित नियम पाहू. महाराष्ट्र शासनाच्या २ फेब्रुवारी २०२३ च्या निर्णयाप्रमाणे सेविका किमान बारावी उत्तीर्ण असावी, त्याच महसुली गावची रहिवासी असावी, तिचे वय अठरा ते पस्तीस असावे; विधवेस चाळीसपर्यंत सवलत आहे. गुणानुक्रम लावताना शैक्षणिक गुणांचा वाटा सर्वांत मोठा, आणि विधवा, अनाथ, मागासवर्गीय व अनुभवी उमेदवारांस काही अधिक गुण. या नियमाने मदतनीस दारातूनच परत जाते, आणि सून बहुधा विधवेच्या पुढे राहते. गावात यावर दोन पक्ष पडतात. एक म्हणतो, हिशेब चोख झाला, कोणाच्या शब्दाला वाव राहिला नाही. दुसरा म्हणतो, बारावीचे गणित आणि इंग्रजी यांचा मुलाला घास भरविण्याशी संबंध काय? दोन्ही पक्षांत तथ्य आहे, म्हणूनच प्रश्न सोपा नाही.

पहिल्या पक्षाचे म्हणणे कमी लेखू नये. परीक्षेने नेमणूक करण्याची पद्धत ही शिफारसीच्या आणि वशिल्याच्या अन्यायावर शोधून काढलेला उतारा होय. इंग्लंडात १८५४ साली नॉर्थकोट व ट्रेव्हेलियन यांनी जो अहवाल लिहिला, आणि त्याच वर्षी मेकॉलेच्या समितीने हिंदुस्थानातील मुलकी नोकरीविषयी ज्या शिफारशी केल्या, त्यांचा रोख हाच होता की, सरकारी जागा ही कोणा बड्या गृहस्थाने आपल्या भाच्या-पुतण्यांस वाटावयाची खिरापत नव्हे. स्पर्धा खुली झाली म्हणूनच १८६३ साली सत्येंद्रनाथ टागोर यांना त्या नोकरीत शिरता आले. वशिल्यावर सोडले असते तर ते दार हिंदी मनुष्यास उघडते ना. जे त्या दूरच्या मोठ्या जागांविषयी खरे, ते गावच्या लहान जागेविषयी अधिकच खरे आहे. गावात सगळेच सगळ्यांना ओळखतात. आणि जेथे ओळख दाट तेथे निःपक्षपात पातळ होतो. निवडीत शब्द टाकण्याची सोय असेल तर शब्द कोणाचा चालेल हे आधीच ठरलेले असते. तो मजूर विधवेचा नसतो आणि मदतनिशीचा तर नसतोच. घोडेगावाजवळच्या शिंगणापुरास घरांना दारे-कुलपे न ठेवण्याची परंपरा आहे, आणि तिचे कौतुक सर्वांस आहे. परंतु सार्वजनिक नेमणुकीचे घर तसे उघडे ठेवून चालत नाही. त्याला दार हवे आणि कडीही हवी. गुणांची यादी ही ती कडी होय.

तथापि कडी म्हणजे घर नव्हे. येथेच आमच्या मते पुष्कळ सुशिक्षितांचा विचार घसरतो. घोडेगावच्या बाजारातील शेतकऱ्याला विचारावे. काटा तोंड पाहून वजन सांगत नाही, म्हणून काट्यावर त्याचा विश्वास; परंतु त्याच कांद्याची चाळीत सड होईल की तो पाऊसकाळ ओलांडील, हे काटा सांगत नाही, आणि शेतकरीही ते काट्याला विचारीत नाही. बारावीच्या गुणांनी वशिल्याला आळा बसतो, हे त्यांचे मोठे काम. पण जे गुण आळा घालण्यास उपयोगी पडले, तेच पात्रतेचे मापही आहेत, असे मानणे म्हणजे काट्याला कांद्याचे आयुष्य विचारणे होय. निःपक्षपातीपणा हा मोजणाऱ्याचा सद्गुण आहे. जे मोजले ते मोजण्याजोगे होते की नाही, हा प्रश्न निराळाच उरतो.

पात्रता ही नेहमी कशाची तरी पात्रता असते. अॅरिस्टॉटलने आपल्या राजनीतीवरील ग्रंथात बासऱ्यांचे उदाहरण घेतले आहे. चांगल्या बासऱ्या वाटावयाच्या तर त्या कुलवंताला किंवा रूपवंताला देऊन उपयोग नाही. ज्याला उत्तम वाजविता येते त्यालाच द्याव्या, कारण कुल आणि रूप ही कितीही मोठी असली तरी त्यांनी सूर निघत नाही. आम्ही या उदाहरणात एवढीच भर घालतो की, बासरी वाजविणाऱ्याचा गौरव व्हावा म्हणून ती त्याला द्यावयाची नसून ऐकणाऱ्यांना गाणे मिळावे म्हणून द्यावयाची आहे. अंगणवाडीत ऐकणारे कोण? तीन वर्षांचे मूल, गरोदर स्त्री, अंगावर पाजणारी आई. सेविकेची पात्रता म्हणजे त्यांचे हित साधण्याची शक्ती. मग ती पदवीतून आलेली असो, स्वभावातून आलेली असो, की बारा वर्षांच्या सवयीतून आलेली असो.

हा केवळ तर्क नव्हे, याला आमच्या जिल्ह्यातच पुरावा आहे. डॉक्टर रजनीकांत आणि मेबल आरोळे या दांपत्याने १९७० साली जामखेड येथे ग्रामीण आरोग्याचे काम सुरू केले. शिकलेल्या परिचारिकांना खेड्यांत ठेवून पाहिले. परंतु त्या तेथे रमल्या नाहीत आणि गावाचाही त्यांच्यावर विश्वास बसेना. तेव्हा गावातलीच बाई गावाने निवडावी आणि तिला आपण शिकवावे, असे त्यांनी ठरविले. निवडलेल्या बायका बहुतेक निरक्षर होत्या. कित्येकी अस्पृश्य गणलेल्या जातींतील, कित्येकी नवऱ्याने टाकलेल्या. या बायकांनी बाळंतपणे सुखरूप केली, जुलाबाच्या मुलास साखर-मिठाचे पाणी पाजून वाचविले, लसीची भीती घालविली. जगातील आरोग्यतज्ज्ञ ते पाहावयास जामखेडास आले, आणि १९७९ साली आरोळे दांपत्यास मॅगसेसे पारितोषिक मिळाले. बारावीची अट घातली असती तर यांतील बहुतेक बायका उंबऱ्याबाहेर राहिल्या असत्या.

कोणी म्हणेल, मग मदतनिशीलाच नेमा, आणि परीक्षेचे गुण बाजूस ठेवा. आम्ही एवढ्या घाईने त्या निर्णयास येऊ इच्छीत नाही, आणि त्याची कारणे दोन आहेत. पहिले असे की, जामखेडच्या बायका निरक्षर असूनही पात्र ठरल्या त्या आपोआप नव्हे. त्यांचे शिक्षण एकदा होऊन संपले नाही. त्या पुनःपुन्हा जामखेडास येत, गावात काय घडले ते सांगत, नवे शिकून परत जात. पात्रता तेथे शोधली गेली त्याहून अधिक घडविली गेली. आपल्या योजनेत ही घडण बेताचीच असते. म्हणून निवडीच्या क्षणावरच सगळा भार येऊन पडतो. दुसरे असे की, सेविकेच्या कामाला आज अक्षर आणि आकडा यांची खरोखरच गरज आहे. मुलाचे वजन व उंची घ्यावी, तक्त्याशी ताडून पाहावी, दंडाचा घेर साडेअकरा सेंटिमीटरहून कमी भरला तर हे मूल तीव्र कुपोषित आहे, याला आजच वर पाठविले पाहिजे, हे ओळखावे. आणि २०२१ पासून ही सर्व नोंद मोबाइलमधील पोषण ट्रॅकरवर भरावी. येथे अर्धा सेंटिमीटर चुकणे म्हणजे एखादे मूल वेळेवर न सापडणे होय. तेव्हा माया आहे म्हणून आकडा नको, हे म्हणणे मुलाच्याच जिवावर उठेल. शिक्षणाची अट ही सर्वस्वी दंभ नाही. दंभ आहे तो पुढच्या पायरीवर: बारावीस पंचाहत्तर टक्के मिळविणारी ही पंचावन्नवालीपेक्षा मुलांना अधिक चांगली सांभाळील, असे धरून चालण्यात. तक्ता वाचता येण्यासाठी जेवढे शिक्षण लागते तेवढे अवश्य मागावे. त्यापलीकडचा प्रत्येक टक्का हा मुलाच्या दृष्टीने मुका आहे.

आता विधवेचा प्रश्न. तिला अधिक गुण द्यावे, हे कोणाच्याही अंतःकरणास पटते. परंतु विचाराला एक शंका येते. विधवेची उपासमार टाळणे हे समाजाचे ऋण आहे. ते मुलांच्या वाट्यातून फेडावे काय? अनुताई वाघ बालविधवा होत्या आणि त्यांनी बालशिक्षणात आयुष्य वेचले, हे खरे. परंतु त्या विधवा होत्या म्हणून थोर शिक्षिका झाल्या नाहीत. वैधव्याने त्यांचा संसार खुंटविला, आणि शिक्षणाने त्यांना कर्तृत्वाचे दार उघडले. तेव्हा आमचे म्हणणे असे: गरज ही पात्रतेच्या जागी बसू शकत नाही, परंतु पात्रतेची पायरी जिने चढली आहे तिच्या बाबतीत गरजेकडे पाहणे अन्याय नव्हे. दोघीही मुलांना सारख्याच सांभाळतील असे असता एकीची चूल त्या जागेवाचून पेटत नाही आणि दुसरीची पेटते, तर पहिलीला निवडल्याने मुलांचे काही जात नाही. उलट जिला हे गाव सोडून जावयाचे नाही ती दहा वर्षे टिकेल, हा मुलांचाच लाभ होय.

मागासवर्गीयांस दिलेल्या गुणांची गोष्ट याहून निराळी आहे, आणि ती दयेच्या सदरात घालणे आम्हांस चुकीचे वाटते. अंगणवाडीची पहिली परीक्षा ही की, गावातील प्रत्येक घराचे मूल तिचा उंबरा ओलांडते काय. ज्या वस्तीला शतकानुशतके गावाच्या कडेला बसविले, त्या वस्तीची आई आपले मूल कोणाच्या हाती निःशंकपणे देईल, आणि त्या वस्तीची बाई मुलांना वाढावयास बसली म्हणजे गावातील इतरांच्या मनातला विटाळ कसा हळूहळू झिजेल, हे प्रश्न कामाच्या बाहेरचे नाहीत, कामाच्या गाभ्यातले आहेत. सर्वोच्च न्यायालयाने अन्नाच्या हक्काच्या खटल्यात २००४ साली अनुसूचित जाती-जमातींच्या वस्त्यांत लौकरात लौकर अंगणवाड्या काढाव्या, आणि शाळेतील माध्यान्ह भोजन शिजविणारांच्या नेमणुकीत दलितांना अग्रक्रम द्यावा, असे आदेश दिले, त्यांतील मर्म हेच. कोल्हापुरी शाहू छत्रपतींनी १९०२ साली निम्म्या जागा मागासलेल्यांसाठी राखल्या तेव्हा लायकीचा प्रश्न उपस्थित करणारे थोडे नव्हते. लायकीचा अर्थच त्या प्रसंगी अपुरा केला गेला होता, हे आता तरी आपल्या ध्यानात यावे.

रहिवासाच्या अटीत मात्र एक मौज दडलेली आहे. गावची लेक गावात शिकते आणि लग्न होऊन परगावी जाते. परगावची लेक सून होऊन येते आणि माहेरी मिळविलेले गुण सासरच्या यादीत मांडते. म्हणजे स्त्रीच्या बाबतीत ‘स्थानिक’ कोण हे तिचा जन्म ठरवीत नाही, तिचे लग्न ठरविते. मुलीने उद्या जाऊ नये म्हणून तिला आजच नाकारावे, हा मोह स्वाभाविक आहे; राजस्थानात अविवाहितेस अंगणवाडीची जागा मिळत नसे, आणि तेथील उच्च न्यायालयाने २०२३ साली ती अट अन्यायाची ठरविली. आम्हांस तो निर्णय योग्य वाटतो. सेविका शेजारची असावी हे मुलाच्या हिताचे. परंतु ती कोणाची बायको आहे, हे विचारण्याशी मुलाचा काडीइतका संबंध नाही.

या रहिवासाच्या अटीवरूनच आम्ही शेवटच्या आणि सर्वांत कडू मुद्द्याकडे येतो. राज्यघटनेच्या सोळाव्या अनुच्छेदाप्रमाणे केवळ रहिवासाच्या कारणाने कोणास सरकारी नोकरीस अपात्र ठरविता येत नाही, आणि त्यास अपवाद करण्याचा अधिकार फक्त संसदेचा आहे. मग सेविकेस ही अट कशी चालते? कारण, सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली कर्नाटकाच्या एका खटल्यात म्हटल्याप्रमाणे, अंगणवाडी सेविका हे राज्याच्या मुलकी सेवेतील पद नाही. पद नाही म्हणून वेतन नाही, मानधन आहे. १९७५ साली ते मॅट्रिक झालेलीस दरमहा दीडशे आणि न झालेलीस शंभर रुपये होते. २०२३ साली महाराष्ट्रात ते दहा हजारांवर आणले गेले, तरी त्याच वर्षाच्या डिसेंबरात सेविकांना संपावर जावे लागले. आणि जिला पद म्हणावयास सरकार तयार नाही तिला २०१८ च्या मार्चात अत्यावश्यक सेवेचा कायदा लावून संपाची बंदी करण्यात आली. ओरड झाली तेव्हा त्याला स्थगिती मिळाली. २०२२ साली सर्वोच्च न्यायालयाने त्यांस उपदानाचा हक्क मान्य केला, तेव्हा कोठे निरोपाच्या दिवशी तरी त्या कामकरी ठरल्या. निवडताना पदाची कसोटी, राबविताना अत्यावश्यक सेवेची सक्ती, आणि दाम देताना स्वयंसेवेचा गौरव, ही वागणूक एका न्यायाची नव्हे. ज्या कामाचा मान आपण राखीत नाही, त्या कामात गुणवत्ता मागण्याचा नैतिक अधिकारही आपणांस निम्माच उरतो. घोडेगावची ती शिकलेली सून दुसरी नोकरी मिळताच ही जागा सोडील, तर दोष तिच्या निष्ठेचा की आपल्या मोबदल्याचा, याचा विचार सुखवस्तू वाचकांनी अवश्य करावा.

तर मग त्या तिघींत पात्र कोण? आमचे उत्तर वाचकांस कदाचित बेताचे वाटेल. न्यायाचे येथे दोन धनको आहेत. उमेदवार स्त्रीचे देणे असे की, तिला सर्वांसारख्याच, आधी जाहीर झालेल्या, कोणाच्या मर्जीने न वाकणाऱ्या नियमाने मोजावे, आणि ती मागे पडली तर का पडली हे तिला स्वतःच्या डोळ्यांनी वाचता यावे. हे देणे गुणांची यादी फेडते. यास्तव ती राहावी. मुलाचे देणे असे की, जी येईल तिला खरोखरच त्याला वाढविता यावे. हे देणे यादीने फिटत नाही. ते फेडावयाचे तर किमान शिक्षणाच्या पायरीनंतर टक्क्यांचे वजन कमी करावे, अनुभवाचे वाढवावे, नेमणूक होताच भरपूर शिक्षण द्यावे आणि पहिले वर्ष मुलांत काम पाहून मगच जागा कायम करावी. तसे झाले तर विधवेची संधी खरी होईल, सुनेलाही आपली योग्यता कागदाबाहेर दाखवावी लागेल. आणि मदतनीस? तिला आज सेविका करता येत नसेल. पण बारा वर्षे मुले सांभाळणाऱ्या बाईला पुढचे शिक्षण घेण्यास वेळ, पैसा आणि वयाची सूट आपण का दिली नाही, या प्रश्नाला नियमाच्या पुस्तकात उत्तर नाही. तो प्रश्न नियम करणारांना, आणि त्यांना निवडून देणाऱ्या आपणा सर्वांना, विचारलेला आहे.